वसईचा गोन्सालो, नागासाकीची टेकडी आणि पप्पांची सुकेळी

आमच्या घरात देव्हाऱ्याशेजारी एक जुनी फ्रेम आहे. तपकिरी झगा, कमरेला दोरी, दोन भाले आणि क्रूस. संत गोन्सालो गार्सिया. वसईत वाढलेल्या कुणालाही हे नाव नवीन नाही, कॉलेज त्याच्या नावाचं, गासला देऊळ त्याच्या नावाचं, पण खरं सांगायचं तर लहानपणापासून मला त्याच्याबद्दल दोनच वाक्यं माहीत होती, की तो वसईचा होता आणि जपानमध्ये त्याला क्रूसावर मारलं. पप्पा मात्र दर ५ फेब्रुवारीला त्या फ्रेमपुढे मेणबत्ती लावून म्हणायचे की एकदा ती टेकडी बघायची आहे. यंदा ते एकाहत्तरचे झाले, गुडघे कुरकुरायला लागलेत, आणि मी म्हटलं आता नाही तर कधीच नाही. सुट्टी टाकली, व्हिसा झाला, तिकिटं काढली.

जायच्या आधी दोनेक महिने मी मिळेल ते वाचत होते. त्यात एक गोष्ट मनात रुतून बसली. गोन्सालो कधी फादर झाला नाही. तो शेवटपर्यंत ब्रदरच होता. मिस्सा, म्हणजे देवळातली मुख्य उपासना, चालवायची नाही, मोठी पदवी नाही. त्याचं काम होतं दुभाषाचं. दुसऱ्याचं बोलणं तिसऱ्यापर्यंत पोचवायचं. ह्या माणसाला बघायला आम्ही निघालो होतो.

निघायच्या आदल्या दिवशी: वसई किल्ला

पप्पांचा हट्ट होता की सुरुवात इथूनच करायची. सकाळी सातला किल्ल्यात पोचलो. जानेवारी संपत आलेला, हवेत गारवा, ताडाच्या झाडांमधून ऊन नुकतं खाली उतरत होतं. जेझुइट नावाच्या ख्रिस्ती धर्मसंघाच्या देवळाचा दर्शनी भाग अजून दिमाखात उभा आहे. ह्याच जागी त्यांची शाळा होती आणि गोन्सालो इथेच शिकला. त्याचा जन्म १५५६-५७ च्या आसपासचा, बाप पोर्तुगीज, आई इथलीच. वसई १५३४ मध्ये पोर्तुगीजांकडे गेली होती आणि १७३९ मध्ये चिमाजी अप्पांनी ती घेतली, म्हणजे गोन्सालोच्या लहानपणी हे शहर अगदी भरात होतं. आज भिंतींवर पिंपळ उगवलाय, पण आत उभं राहिलं की डोक्यावर उघडं आभाळ आणि पायाखाली जुन्या समाधीच्या शिळा, माणूस आपोआप हळू बोलतो.

पंधरा-सोळा वर्षांचा असताना तो जेझुइट फादरांबरोबर इथून जहाजात बसला तो जपानला. आईचा निरोप कसा घेतला असेल हा विचार माझ्या डोक्यातून जाईना. पप्पा बंदराकडच्या दरवाजापर्यंत चालत गेले, कोळ्यांच्या होड्या बघत उभे राहिले आणि म्हणाले, "अगं, इथूनच गेला असेल ना तो."

त्यांना किल्ल्यातली चिमूटभर माती घेऊन जायची होती, तिथे टेकडीवर ठेवायला. मी चौकशी केली होती म्हणून बरं, जपानमध्ये बाहेरची माती नेता येत नाही, सक्त मनाई आहे. पप्पा खट्टू झाले. मग त्यांनी काय करावं, तर संध्याकाळी गावातून सुकेळीचं पाकीट आणलं. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, सुकेळी म्हणजे आमच्याकडे केळी सोलून उन्हात वाळवून करतात ती, मधासारखी गोड आणि चिवट. "माती नाही तर मातीतलं काहीतरी," एवढंच बोलले आणि बॅगेत ठेवलं.

टिप: खायचं काहीही नेणार असाल तर कस्टमच्या फॉर्मवर लिहाच. आम्ही लिहिलं, अधिकाऱ्याने पाकीट उलटंसुलटं करून बघितलं, हसला, सोडलं. मटणाचं, चिकनचं, कसलंही मांसाचं काही नेऊ नका, सुकी चटणीसुद्धा त्यात मांस असेल तर नाही.

दिवस १ आणि २: क्योटो

मुंबईहून एक विमान बदलून ओसाका, तिथून ट्रेनने क्योटो. प्रवासाबद्दल सांगण्यासारखं काही नाही, पप्पा झोपले आणि मी सिनेमे बघितले.

थंडीबद्दल मात्र सांगायला हवं. वसईची माणसं आम्ही, सोळा डिग्रीला स्वेटर घालतो. क्योटोत सकाळी दोन डिग्री होतं आणि वारा असा की कानाच्या पाळ्या जळतात. कानांचं मुद्दाम लिहितेय, कारण आम्ही ज्या जागी चाललो होतो तिथे गोन्सालो आणि त्याच्या सोबत्यांचे कान कापले होते.

इचिजो मोदोरीबाशी. होरिकावा नावाच्या छोट्या ओढ्यावरचा अगदी साधा पूल. शेजारी एक प्रसिद्ध मंदिर आहे, सगळी गर्दी तिकडे. पुलावर आम्ही दोघंच होतो आणि सायकलवरून भाजी घेऊन जाणारी एक बाई. मोदोरीबाशी म्हणजे परतीचा पूल. पूर्वी म्हणे इथून प्रेतयात्रा जाताना मेलेला माणूस उठून बसला, तेव्हापासून हे नाव. लग्न होऊन जाणाऱ्या मुली हा पूल टाळतात, कारण माहेरी परत यायला लागू नये, आणि युद्धावर जाणारे सैनिक मुद्दाम यायचे, जिवंत परतावं म्हणून. ३ जानेवारी १५९७ ला गोन्सालो आणि त्याच्याबरोबरच्या कैद्यांच्या डाव्या कानाचा तुकडा इथे कापला आणि गाडीत घालून शहरभर फिरवलं. हुकूम नाक आणि दोन्ही कान कापायचा होता, एका अधिकाऱ्याने तो पाळीवर आणला. पप्पांनी मफलर सोडला आणि थोडा वेळ उघड्या कानांनी तसेच उभे राहिले. मी काही बोलले नाही.

आता इथवर गोन्सालो कसा आला ते सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. जपानला गेल्यावर आठेक वर्षं त्याने जेझुइटांबरोबर धर्मशिक्षकाचं काम केलं, भाषा अशी शिकला की जपानी माणसांनी कान देऊन ऐकावं. त्याला त्यांच्याच संघात जायचं होतं. घेतलं नाही. मग तो व्यापारात पडला, मकाव वगैरे बंदरांमधून फिरला, चांगले पैसे कमावले. आणि एवढं सगळं बस्तान बसल्यावर मनिलाला गेला आणि फ्रान्सिस्कन नावाच्या दुसऱ्या धर्मसंघात ब्रदर म्हणून दाखल झाला. मला ह्या जागी नेहमी थांबायला होतं. नकार मिळालेला माणूस सहसा एकतर कडू होतो किंवा विसरून जातो. हा काही वर्षांनी दुसऱ्या दारावर जाऊन सगळ्यात खालची जागा मागतो.

१५९३ मध्ये मनिलाहून पेद्रो बाप्तिस्ता नावाचे फ्रान्सिस्कन फादर राजदूत म्हणून जपानचा सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशीकडे निघाले तेव्हा बरोबर दुभाषा हवा होता. जपानी कुणाला येतं? गोन्सालोला. हिदेयोशीची भेट हिझेन नागोयाच्या किल्ल्यात झाली (आजचं नागोया शहर ते नाही, हा किल्ला क्युशू बेटावर आहे). हिदेयोशी फिलिपिन्सने शरण यावं म्हणून दरडावत होता आणि मधे उभा राहून ते सगळं दोन्हीकडे पोचवणारा आपला वसईचा मुलगा. पुढे ह्या लोकांना क्योटोत राहायची परवानगी मिळाली, त्यांनी छोटा मठ बांधला आणि महारोग्यांसाठी दवाखाने चालवले.

तो मठ शिजो-होरिकावा भागात होता, तिथे आता आठवणीचा एक दगड आहे. आम्ही संध्याकाळी शोधत गेलो. रस्ता मोठा, गाड्या धावतायत, आणि दगड इतका साधा की दोनदा पुढे निघून गेलो. शेवटी समोरून येणाऱ्या एका आजोबांना मोबाइलवरचा फोटो दाखवला तर ते स्वतः वळून आमच्याबरोबर आले, दगडापर्यंत पोचवलं आणि वाकून नमस्कार करून आपल्या वाटेने गेले. पप्पा म्हणाले महारोग्यांना आंघोळ घालणारी माणसं होती, त्यांना मोठा पुतळा कशाला.

जेवायला गरम उदोन, आणि दुसऱ्या दिवशी युदोफू, म्हणजे पाण्यात उकळलेलं टोफू. मला आवडलं, पप्पांना "मीठ विसरले वाटतं" असं झालं.

टिप: कोपऱ्याकोपऱ्यावरच्या चोवीस तास दुकानांत "काइरो" मागा. छोटी पिशवी असते, उघडून हलवली की आठ-दहा तास गरम राहते. खिशात दोन, बुटात दोन. वयस्कर माणसांबरोबर जात असाल तर हे सगळ्यात कामाचं.

दिवस ३: क्योटो ते नागासाकी

शिंकान्सेनने, म्हणजे बुलेट ट्रेनने, हाकाता तीन तासांच्या आत, तिथून एक एक्सप्रेस ताकेओ-ओन्सेनपर्यंत आणि तिथे समोरच्याच प्लॅटफॉर्मवर कामोमे नावाची नवी शिंकान्सेन, २०२२ मध्ये सुरू झालेली. बदलायला तीन-चार मिनिटंच असतात पण घाबरू नका, खरंच समोर उभी असते.

गाडीत बसल्यावर मी पप्पांना नकाशा दाखवत होते. साकाइ, हिमेजी, ओकायामा, हिरोशिमा, शिमोनोसेकी, हाकाता, कारात्सु. हाच त्या कैद्यांचा रस्ता. सुमारे ८०० किलोमीटर, ऐन थंडीत, जवळपास महिनाभर, गावागावांतून लोकांना दाखवत. क्योटोहून २४ जण निघाले होते. वाटेत दोघं त्यांची सेवा करायला म्हणून बरोबर चालत होती, त्यांनाही पकडून घेतलं, झाले २६. सहा फ्रान्सिस्कन, तीन जेझुइट, बाकी सतरा साधी जपानी माणसं, त्यात सुतार, स्वयंपाकी, आणि तीन लहान मुलं. सगळ्यात धाकटा लुईस बारा वर्षांचा.

हे सगळं पेटलं एका जहाजावरून. १५९६ च्या शरद ऋतूत सान फेलिपे नावाचं स्पॅनिश जहाज शिकोकू बेटाच्या किनाऱ्याला लागलं, माल जप्त झाला, आणि पाद्री आधी येतात मग सैन्य येतं असा संशय हिदेयोशीच्या मनात पक्का बसला. डिसेंबरमध्ये मठाला पहारा लागला.

पप्पा खिडकीतून बाहेर बघत होते. डोंगर, बोगदा, डोंगर. "एवढा रस्ता चालला," म्हणाले, "आणि वाटेत सगळ्यांची भाषा त्यालाच कळत असणार. शिव्यासुद्धा." हे माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. बाकीच्या परदेशी फादरांना जमाव काय ओरडतोय ते अर्धंमुर्धं कळत असेल, त्याला शब्द न् शब्द.

नागासाकीला उतरलो तर हवा थोडी मऊ होती. शहर म्हणजे बशी, मधे बंदर आणि चारी बाजूंनी डोंगरांवर चढलेली घरं. चिनी नववर्षाचा कंदिलांचा उत्सव चालू होता, हे आम्हाला आधी माहीतच नव्हतं. शिंची चायनाटाउनमध्ये डोक्यावर हजारो लाल-पिवळे कंदील, कालव्याच्या पाण्यात त्यांची छाया, आणि थंडीत वाफाळणारे स्टॉल. पप्पांनी तिथे काकुनी खाल्लं, पांढऱ्या मऊ पावात डुकराच्या मटणाचा जाड तुकडा, सोया आणि साखरेत शिजवून लोण्यासारखा झालेला. पहिल्या घासाला डोळे मिटले. "आपलं इंदियाल जरा तिखट-आंबट, हे गोड. पण हात एकाच आईचा." क्योटोच्या टोफूचं सगळं उट्टं निघालं. मी चाम्पोन घेतलं, दुधाळ रश्शात जाड नूडल्स, कोबी, कोळंबी, शिंपल्या. एका वाडग्यात दोघांचं पोट भरेल.

दिवस ४, रविवार: निशिझाका

स्टेशनपासून टेकडी पाचेक मिनिटांवर आहे. चढ छोटा पण उभा, पप्पांनी दोनदा थांबून श्वास घेतला. वर गेलो आणि समोर ती भिंत.

फोटो शंभर वेळा बघितले होते तरी तयारी नव्हती. लांबच लांब दगडी भिंत आणि त्यावर एका रांगेत २६ जण, ब्राँझचे, खऱ्या माणसांच्या उंचीचे. क्रूस नाहीत. नुसती माणसं, आणि त्यांचे पाय खाली लोंबतायत, टाचा सुटलेल्या, जणू जमिनीवरून नुकतेच वर उचलले गेलेत. शिल्पकार यासुताके फुनाकोशी, हे १९६२ चं काम, संतपद मिळाल्याला शंभर वर्षं झाली तेव्हाचं. तीन आकृत्या बुटक्या आहेत. त्या मुलांच्या.

५ फेब्रुवारीच्या जवळच्या रविवारी इथे उघड्यावर मिस्सा असते. आम्ही तासभर आधी पोचलो तरी पुढच्या खुर्च्या भरल्या होत्या. म्हाताऱ्या बायका डोक्यावर पांढरी जाळी घेऊन, शाळेची मुलं गणवेशात, नन्स, व्हीलचेअरवरचे आजोबा मांडीवर ब्लँकेट घेऊन. लाल वस्त्रांतले फादर रांगेने आले. मिस्सा जपानीत, शब्द एक कळत नव्हता, पण कधी उठायचं, कधी गुडघे टेकायचे, सगळं माहीत. पप्पा "आमच्या स्वर्गातील बापा" मराठीत म्हणत होते, बाजूची बाई जपानीत, आणि दोघं एकाच वेळी संपले.

मिस्सेनंतर आम्ही भिंतीजवळ गेलो आणि गोन्सालोला शोधायला लागलो. चेहऱ्यावरून ओळखायला येईना. एक आजी आमच्याकडे बघत होत्या, सत्तरीच्या पुढच्या, गळ्यात निळा स्कार्फ. मी म्हटलं "गोन्सालो गार्सिया?" त्यांना कळलं नाही. पुन्हा म्हटलं. मग एकदम त्यांचा चेहरा उजळला, "आ, गोन्झारो गारुशिया!" आणि हात धरून आम्हाला रांगेच्या मधोमध नेलं. तो. झगा, जोडलेले हात. शेजारी मेक्सिकोचा फेलिपे.

आजींनी विचारलं कुठून आलात. मोबाइलच्या भाषांतरावर मी लिहिलं, आम्ही त्याच्या गावचे. त्यांनी वाचलं, परत वाचलं, पप्पांकडे बघितलं. आणि मग त्यांनी पप्पांचे दोन्ही हात आपल्या हातात घेतले आणि वाकल्या. वाकल्या त्या किती वेळ वर आल्याच नाहीत. नंतर त्यांनी आपल्या मैत्रिणींना हाक मारली, त्यांनी आणखी कुणाला, आणि पाच मिनिटांत आमच्याभोवती पंधरा-वीस माणसं, सगळी पप्पांना नमस्कार करतायत, आणि पप्पा गोंधळून मला म्हणतायत, "अगं त्यांना सांग, मी काय केलंय? मी तर नुसता वसईचा." मला ते भाषांतर करता आलं नाही. करायची गरजही नव्हती.

मग पप्पांनी बॅग उघडली आणि सुकेळी काढली. पाकीट फोडून प्रत्येकाला एकेक तुकडा दिला, आजींनी तो आधी कपाळाला लावला आणि मग खाल्ला. "बनाना?" एका मुलाने विचारलं. हो, बनाना. गोन्सालोच्या गावचं.

एक आठवण जुन्या चरित्रांत येते ती इथे उभं राहून पप्पांना वाचून दाखवली. ५ फेब्रुवारी १५९७ च्या सकाळी ते टेकडीवर पोचले तेव्हा क्रूस तयार होते. गोन्सालो सरळ एका क्रूसाकडे गेला आणि विचारलं, हा माझा का? नाही म्हणाले, त्याला दुसऱ्याकडे नेलं, तेव्हा तिथे गुडघे टेकून त्याने तो मिठीत घेतला. खिळे मारले नाहीत, लोखंडी कड्या आणि दोर होते, आणि शेवट दोन भाल्यांनी. चाळीस वर्षांचा होता. आयुष्यभर दुसऱ्यांचे शब्द सांभाळून पोचवले आणि स्वतःचं म्हणून मागितलं ते हेच.

टिप: मिस्सेला जायचं असेल तर रेनकोट ठेवा, छत्रीमुळे मागच्यांना दिसत नाही. टेकडीवर बसायला सावली किंवा आडोसा फारसा नाही.

दिवस ५: म्युझियम, चुकलेली ट्राम आणि औरा

भिंतीच्या मागेच २६ संतांचं म्युझियम आहे. छोटं आहे पण दोन तास कमीच पडले. फ्रान्सिस झेवियरचं पत्र आहे. आणि फुमिए. फुमिए म्हणजे येशूची किंवा मारियेची प्रतिमा कोरलेली पाटी, ख्रिस्ती धर्मावर बंदी होती त्या काळात लोकांना त्यावर पाय द्यायला लावायचे, जो देणार नाही तो ख्रिस्ती. पायांनी झिजून प्रतिमेचे चेहरे गुळगुळीत झालेत. पप्पा त्या काचेपुढे खूप वेळ होते. शेजारी मारिया-कान्नोन, म्हणजे बौद्ध देवी कान्नोनच्या मूर्तीच्या आडून मारियेची पूजा करायचे त्या मूर्ती.

बाहेर आल्यावर रस्त्यापलीकडे संत फेलिपेचं देऊळ आहे, दोन वेड्यावाकड्या मनोऱ्यांचं, फुटक्या चिनीमातीच्या तुकड्यांची नक्षी, उन्हात चमकते. आर्किटेक्ट केंजी इमाइ, म्युझियमही त्यांचंच.

मग औरा चर्चला निघालो आणि मी चुकीच्या ट्राममध्ये चढले. तीन नंबरची होती, एक नंबरची हवी होती. शेवटच्या स्टॉपला, होतारुजाया, ड्रायव्हरने आम्हाला बघितलं, हसला, बोटाने परत बसा म्हणून खुणावलं. त्या फेरीत समोर एक कॉलेजची मुलगी बसली होती तिच्याकडे बेकरीची पिशवी, तिने पप्पांना विचारलं "पान?" आणि एक बन पुढे केला. पप्पा दचकले, म्हणाले पान मी खात नाही. मी हसत सांगितलं की पप्पा, पान म्हणजे पाव. पोर्तुगीज शब्द, आपला पाव आणि ह्यांचं पान एकाच घरचे. मग रस्ताभर आम्ही शब्दच शोधत बसलो. तंबाखू तर तंबाखूच, तबाको. साबणाच्या फुग्यांना शाबोन-दामा. पाद्रीचं जुन्या जपानीत बातेरेन. पाद्री, बातेरेन. वसईहून आलेल्या त्या पंधरा वर्षांच्या मुलाला हे शब्द दोन्हीकडे भेटले असतील, अनोळखी भाषेत ओळखीचा माणूस भेटावा तसे.

औराचं चर्च जपानमधलं उभं असलेलं सगळ्यात जुनं चर्च आहे, १८६४ मध्ये पूर्ण झालं आणि ते ह्या २६ जणांनाच वाहिलेलं आहे. निशिझाकाच्या दिशेला तोंड करून बांधलंय. मार्च १८६५ मध्ये इथे जवळच्या उराकामी गावची काही माणसं आली आणि फ्रेंच फादर पेतीजाँना हळूच सांगितलं की आमच्या आणि तुमच्या मनात एकच आहे. दोनशेहून जास्त वर्षं पाद्र्याविना, लपून, त्यांनी प्रार्थना टिकवली होती. बंदी तर १८७३ पर्यंत उठली नव्हती. मी बाकावर बसून रडले, कारण सांगता येणार नाही.

टिप: औराला जायला स्टेशनवरून एक नंबर, शिंची चायनाटाउनला बदलून पाच नंबर, उतरायचं औरा तेनशुदो. आयसी कार्ड (ट्राम-ट्रेनमध्ये टेकवायचं प्रीपेड कार्ड) असेल तर बदलताना पुन्हा पैसे जात नाहीत. आणि चर्चच्या आधीच्या चढावर कास्तेलाची दुकानं आहेत, चव बघायला तुकडे देतात. कास्तेलाही पोर्तुगीजांचीच देणगी, स्पंज केकसारखा, तळाला जाडी साखर कुरकुरते.

५ फेब्रुवारी: उराकामी ते निशिझाका

आदल्या रात्री, म्हणजे ४ फेब्रुवारी १५९७ ला, कैद्यांना ओमुरा उपसागरातून होडीने तोगित्सुला आणलं होतं आणि रात्रभर होडीतच ठेवलं. सकाळी उराकामीवरून चालत टेकडीवर. सगळा रस्ता पप्पांना झेपणारा नव्हता, म्हणून शेवटचे तीनेक किलोमीटर आम्ही चालायचं ठरवलं, उराकामीच्या चर्चपासून.

उराकामीबद्दल थोडक्यात लिहिणं बरोबर नाही पण ह्या लेखात तेवढंच जमेल. लपून राहिलेल्या त्याच ख्रिस्ती लोकांनी हे चर्च वर्षानुवर्षं खपून बांधलं आणि ९ ऑगस्ट १९४५ ला अणुबॉम्ब इथून साधारण ५०० मीटरवर फुटला. १२,००० पैकी सुमारे ८,५०० लोक गेले. आजचं चर्च १९५९ चं. अंगणात काळे पडलेले जुने पुतळे तसेच ठेवलेत, कुणाचं नाक गेलंय, कुणाचं डोकं.

निघालो तेव्हा बर्फ भुरभुरायला लागला. पप्पांनी आयुष्यात पहिल्यांदा बर्फ पडताना बघितला, हात पुढे करून थोडा वेळ तसेच उभे. मग चाललो, मुख्य रस्त्याने, ट्रामच्या रुळांच्या कडेने, ऑफिसला जाणाऱ्या माणसांतून. मधे एकदा बाकावर बसलो, मशीनमधून गरम कॉफीचा डबा काढला आणि दोघांनी हात शेकले. पप्पांचा गुडघा दुखत होता, मी म्हटलं ट्राम घेऊया, त्यांनी मान हलवली. दीड तास लागला.

वर टेकडीवर रविवारची गर्दी नव्हती. तीन नन्स, फुलं घेऊन आलेला एक माणूस, आणि निळा स्कार्फ. त्या आजी. त्यांच्या हातात कागदात बांधलेलं काहीतरी होतं, आम्ही येऊ की नाही हे त्यांना माहीत नव्हतं तरी त्या आल्या होत्या. पप्पांच्या हातात पुडकं दिलं, कास्तेला. मग दोघं भिंतीकडे तोंड करून उभे राहिले, ते मराठीत, त्या जपानीत, आणि बर्फ त्या सगळ्यांच्या खांद्यांवर, वरच्या आणि खालच्या, सारखाच पडत होता.

परत आल्यावर पहिल्याच रविवारी पप्पांनी तो कास्तेला देवळाबाहेर कापला. पंचवीस-तीस माणसं असतील, बोटभर तुकडा प्रत्येकाला आला. धर्मशिक्षणाच्या वर्गातल्या एका मुलाने विचारलं, आजोबा, आपला गोन्सालो त्यातला कुठला? पप्पांनी फोटो मोठा केला आणि बोट ठेवलं. "मधोमध. पाय बघ, जमिनीला लागत नाहीत."